मुलापेक्षा लहान आई

पडद्यावरचा माझा पहिला मुलगा २७ वर्षांचा होता. मी ३२ची. मराठी मालिका, घोडबंदर रोडवरचा भाड्याचा बंगला, सकाळी सातचा कॉल. मेकअपदादांनी माझ्याकडे नीट बघून घेतलं, केस मागे घट्ट बांधले आणि एका डबीतला पांढरा रंग ब्रशवर घेऊन दोन्ही कानशिलांवरची एकेक बट रंगवली. म्हणाले, "एवढं पुरे ताई. बाकीचं वय तुम्ही आणा." रात्री घरी आले की त्या बटा धुवायचा हट्ट माझी सहा वर्षांची लेक धरायची. पाण्याखाली केस काळे व्हायला लागले की टाळ्या वाजवायची.

त्याला आता वीसहून जास्त वर्षं झाली. या काळात मी आई, काकू, मावशी, सासू, शेजारीण, मुख्याध्यापिका, दोनदा न्यायाधीश आणि एकदा देवी झाले. पण 'बाकीचं वय तुम्ही आणा' हे वाक्य अजून सोबत आहे. वय आणायचं म्हणजे करायचं काय? आवाज खाली न्यायचा? कमरेत थोडं वाकायचं? गुडघ्यावर हात टेकून उठायचं? सुरुवातीला मी हे सगळं केलं. एपिसोड लागला की घरचे कौतुकाने बघायचे आणि मी मान खाली घालून बसायचे, कारण मला त्यात आई कुठेच दिसत नव्हती. म्हातारपणाच्या खुणा तेवढ्या दिसत होत्या.

मग मी रीमा लागूंचं काम पुन्हा बघायला घेतलं. आधी प्रेक्षक म्हणून पाहिलं होतंच, कोणी नाही पाहिलं? या वेळी वही घेऊन बसले.

आधी वयाचा हिशोब मांडू, कारण तो मांडल्याशिवाय त्या कामाची अवघडता कळत नाही. रीमाताईंचा जन्म जून १९५८चा. 'कयामत से कयामत तक'मध्ये त्या जुही चावलाची आई झाल्या. तो चित्रपट १९८८च्या एप्रिलमध्ये आला, म्हणजे तेव्हा त्यांची तिशीही पूर्ण झालेली नव्हती. पुढच्या वर्षी डिसेंबरात 'मैने प्यार किया' आला. त्यात त्या ज्याची आई होत्या तो सलमान खान त्यांच्यापेक्षा साडेसात वर्षांनी लहान. आणि १९९९च्या 'वास्तव'मध्ये ज्या मुलाला ही आई शेवटी स्वतःच्या हाताने गोळी घालते, तो संजय दत्त त्यांच्याहून फक्त तेरा महिन्यांनी धाकटा. शाळेत असते तर एकाच्या जुन्या वह्या-पुस्तकं दुसऱ्याला वापरता आली असती, एवढंच अंतर.

हे तिन्ही चित्रपट बघताना एकदाही मनात येत नाही की ही बाई यांची आई कशी असेल. का येत नाही? मी वहीत पहिलं काय लिहिलं असेल तर हे : 'ती घाई करत नाही.' समोरचा मुलगा खोलीभर फिरत असतो, हातवारे करत असतो, आणि ती जिथे असते तिथेच असते. हातातलं काम सोडत नाही. मुलगा बोलायचा थांबला की लगेच उत्तर देत नाही, एक श्वास जाऊ देते. तो श्वास म्हणजे वय. तरुण माणूस बोलण्याची आपली पाळी कधी येते याची वाट बघत असतो. आईला ती घाई नसते, कारण हा पुढे काय म्हणणार ते तिला बहुतेक वेळा माहीत असतं.

दुसरी गोष्ट मला खूप उशिरा दिसली. रीमाताईंनी आपलं तरुणपण लपवलंच नाही. त्यांच्या आधीची हिंदी पडद्यावरची आई बहुतेकदा सोसणारी, खोकणारी, शिवणयंत्रावर वाकलेली. ही आई मुलाशी मैत्रिणीसारखी बोलते, त्याच्या गुपितात सामील होते, हसताना मोकळी हसते. दोघांच्या वयात मुळात जे कमी अंतर होतं ते पुसून टाकण्याऐवजी त्यांनी ते नात्यात वापरलं. निर्मात्यांनी तरुण आई घेतली ती त्यांच्या सोयीसाठी, पण त्या सोयीतून या बाईंनी एक नवीन माणूस उभं केलं. त्यानंतर कितीतरी वर्षं घराघरांतल्या मुलांना 'तशी' आई हवीशी वाटायची. मी याला फार मोठं काम मानते. चारदा फिल्मफेअरचं सहाय्यक अभिनेत्रीचं नामांकन मिळालं आणि एकदाही पुरस्कार मिळाला नाही, याचा मला अजून राग येतो.

आपण मराठी प्रेक्षक या बाबतीत नशीबवान, कारण हिंदीवाल्यांना जी आई म्हणून माहीत होती ती आपण नायिका म्हणून पाहिलेली होती. त्यांची आई मंदाकिनी भडभडे रंगभूमीवरच्या, आणि लग्नाआधी नयन भडभडे हे नाव असल्यापासून रीमाताईही नाटकातच वाढल्या. जयवंत दळवींच्या 'पुरुष'मधली अंबिका त्यांची. बलात्कार करणाऱ्या पुढाऱ्यासमोर शेवटी ती ज्या तयारीने उभी राहते, त्याबद्दल माझी आई अनेक वर्षं बोलत असे. मी स्वतः शाळेत असताना मावशीबरोबर 'सविता दामोदर परांजपे' पाहिलं. झपाटलेल्या बाईची भूमिका. घरी परतताना मावशीचा हात मी सोडला नव्हता एवढं पक्कं आठवतं. त्या एका प्रयोगात आवाज, शरीर, डोळे सगळं पणाला लावणारी बाई पडद्यावर चहाचा कप पुढे करून 'बेटा' म्हणते, तेव्हा ती केवढं मागे ठेवून ते करते हे मला दिसायचं. जिच्याकडे शंभर रुपये आहेत तिने दहा खर्चणं आणि जिच्याकडे दहाच आहेत तिने दहा खर्चणं यात फरक असतो. प्रेक्षकाला तो नेमका सांगता येत नाही, पण कळतो.

आणि हे सगळं चालू असताना नोकरी. रीमाताई १९७९पासून सुमारे दहा वर्षं युनियन बँकेत होत्या. अशोक सराफ स्टेट बँकेत, शिवाजी साटम सेंट्रल बँकेत. आपल्याकडच्या चरित्र अभिनयाचा इतिहास लिहायचा झाला तर त्यात एक प्रकरण मुंबईतल्या बँकांवर लिहावं लागेल. आंतरबँक नाट्यस्पर्धा, तालमीसाठी लवकर सोडणारे साहेब, दौऱ्याहून पहाटे उतरून थेट काउंटरवर बसणं. नायकाला एक चित्रपट वर खेचतो. आमच्या वाट्याचं काम थेंबाथेंबाने येतं. या महिन्यात चार दिवस, पुढच्या महिन्यात सतरा, त्याच्या पुढे काहीच नाही. त्यामुळे घर चालवणारं दुसरं काहीतरी लागतंच. मी नऊ वर्षं एका शाळेत अर्धवेळ शिकवत होते. मालिकेत तर पैसे भाग प्रसारित झाल्यानंतर साधारण ९० दिवसांनी येतात. पावसाळ्यात केलेल्या कामावर दिवाळी होईल की नाही हे दिवाळी तोंडावर आल्याशिवाय कळत नाही. एका निर्मात्याकडचे माझे चार महिन्यांचे पैसे कधीच आले नाहीत. त्याच्याकडे फेऱ्या मारताना माझ्याबरोबर जिन्यात बसलेले सगळे माझ्यासारखेच होते, कुणाचा काका, कुणाचा नोकर, कुणाची आत्या. मुख्य भूमिकेतलं कोणी त्या जिन्यात नव्हतं.

पैशांचं एवढंच. मला जास्त बोलायचंय ते क्यू देण्याबद्दल.

सेटवर कधी न गेलेल्यांसाठी सांगते. एखादा प्रसंग आधी सगळा लांबून घेतात, तो मास्टर. मग एकाच्या खांद्यावरून दुसऱ्याचा चेहरा, त्याला आम्ही सजेशन म्हणतो. मग एकेकाचा क्लोज. नायिकेचा क्लोज चालू असतो तेव्हा तिच्यासमोर, कॅमेऱ्याला अगदी खेटून, मी उभी असते. मी दिसणार नसते. कधी माझा आवाजही वापरला जाणार नसतो. तरी माझी वाक्यं मी म्हणायची, जशी मास्टरमध्ये म्हटली तशीच. तिला रडायचं असेल तर मला तिला रडू येईल असं बोलावं लागतं. याला क्यू देणं म्हणतात, आणि आमच्या कामाचा निम्मा भाग असा न दिसणारा असतो. उलट बाजूने काय होतं? माझा क्लोज सगळ्यात शेवटी लागतो. तोवर बारा तासांची शिफ्ट संपत आलेली असते, नायक-नायिकेला दुसऱ्या युनिटवर जायचं असतं. मग माझ्यासमोर सहाय्यक दिग्दर्शक कागद घेऊन उभा राहतो आणि त्यांची वाक्यं वाचतो. "आई मी हे घर सोडून चाललोय." सपाट, पूर्णविरामाशिवाय. तोही बिचारा पहाटेपासून उभा असतो. कधी तोही नसतो. स्टँडला पांढऱ्या चिकटपट्टीचा तुकडा लावतात आणि सांगतात, ताई, इथे बघा, हा तुमचा मुलगा.

त्या चिकटपट्टीच्या तुकड्याकडे बघून मी आजवर किती वेळा रडले असेन याची मोजदाद नाही. हे मी तक्रार म्हणून लिहीत नाही, कारण तिथेच मला माझं काम कळलं. समोर कोणी नसताना त्याचं बोलणं ऐकायचं. मास्टरच्या वेळी मुलाने मान कशी वळवली होती, 'चाललोय' म्हणताना त्याचा आवाज कुठे अडकला होता, ते सगळं तेव्हाच मनात साठवून ठेवलेलं असेल तरच सहा तासांनी ते चिकटपट्टीवर दिसतं. म्हणून ऐकायला शिकावं लागतं. पाठांतर कोणालाही येतं.

ऐकण्याचा विषय निघाला की मला निळू फुले आठवतात. सगळ्यांना त्यांचा बेरकी सरपंच, पाटील, साखरसम्राट आठवतो, आणि तो आठवावा असाच आहे. पण जब्बार पटेलांच्या 'सिंहासन'मध्ये (१९७९) त्यांनी केलेला पत्रकार दिगू टिपणीस बघा. मुख्यमंत्री अरुण सरनाईक, अर्थमंत्री डॉ. श्रीराम लागू, सत्तेच्या खेळात एकापेक्षा एक बलदंड नट, आणि या सगळ्यांमधून हा माणूस फक्त ऐकत फिरतो. त्याला नीट लिहू दिलं जात नाही, तो काही बदलू शकत नाही. एकेक बातमी त्याच्या आत जाऊन साचते आणि शेवटी जे होतं ते आपल्याला अंगावर येतं, कारण दोन अडीच तास आपण त्याच्या कानांनी ऐकलेलं असतं. त्याच चित्रपटात विशी नुकतीच ओलांडू लागलेल्या रीमा लागूही आहेत, अर्थमंत्र्यांच्या सुनेच्या भूमिकेत. मी अभिनयाच्या कार्यशाळेत मुलांना 'सिंहासन' दाखवते तेव्हा एकच सांगते : बोलणाऱ्याकडे बघू नका, दिगूकडे बघा.

'सहाय्यक' हा शब्द मला पुरस्कारांनी दिला. सेटवर तो कोणी वापरत नाही. तिथे कॅरेक्टर म्हणतात, 'कॅरेक्टरवाल्यांना बोलवा.' फिल्मफेअरने १९५५ साली सहाय्यक कलाकारांना पहिल्यांदा पुरस्कार दिला, आणि अभिनेत्रींमधला तो पहिला मान उषा किरण यांचा, 'बादबान'साठी. राष्ट्रीय पुरस्कारांत मात्र हा विभाग यायला १९८४ सालचे चित्रपट उजाडावे लागले. तिथेही पहिलं नाव मराठी घरातलं, 'पार्टी'साठी रोहिणी हट्टंगडी.

रोहिणीताईंच्या वयाचा हिशोब तर रीमाताईंहून अवघड. 'गांधी'मधल्या कस्तुरबा त्यांनी तरुणपणापासून म्हातारपणापर्यंत केल्या आणि ब्रिटिश अकादमीचा पुरस्कार घेतला. मग 'सारांश'मधली मुलगा गमावलेली वृद्ध आई, समोर नवऱ्याच्या भूमिकेत विशीतले अनुपम खेर. आणि १९९०च्या 'अग्निपथ'मध्ये चाळिशीही न गाठलेल्या रोहिणीताई ४७ वर्षांच्या अमिताभ बच्चन यांच्या आई. मुलगा आईपेक्षा कितीतरी मोठा! तरी तो तिच्यासमोर जेवायला बसतो तेव्हा तोच लहान दिसतो. याला कारण तिचं त्याच्याकडे बघणं. मोठ्या नटासमोर बहुतेक जण नकळत वर बघून बोलतात, उंचीचा प्रश्न नसतानाही. त्या तसं करत नाहीत. त्यांची नजर मुलाकडे जशी जावी तशी जाते, कठोरपणे आणि हक्काने.

नायकांना हे उलट करावं लागत नाही, ही गोष्ट मला बोचते आणि ती बोचावी. पन्नाशीतला नट कॉलेजात जातो, त्याच्याबरोबर दहा वर्षांपूर्वी नायिका असलेली बाई आता त्याची वहिनी असते आणि आणखी पाच वर्षांनी आई. काही जणींच्या बाबतीत तर वयही कारणीभूत नसतं. ललिता पवार मूकपटांच्या काळात लहान मुलगी म्हणून आल्या, तीसच्या दशकात नायिका झाल्या. १९४२ साली एका चित्रीकरणात सहकलाकाराची चपराक इतकी जोरात बसली की चेहरा लुळा पडला. बऱ्याच उपचारांनंतर चेहरा सावरला, पण डावा डोळा बारीक राहिला. वय फक्त २६. नायिकेचं दार तिथे बंद झालं. पुढे त्या डोळ्याने सबंध देशाला सासूचा धाक घातला हे सगळ्यांना माहीत आहे. मला त्यापेक्षा 'अनाडी'मधली मिसेस डिसा महत्त्वाची वाटते, वरून तडतडणारी आणि आतून माया करणारी घरमालकीण. त्यांना फिल्मफेअर मिळालं ते त्या मायाळू बाईसाठी. आणि सत्तरीला टेकल्यावर दूरदर्शनच्या 'रामायण'मध्ये मंथरा. रविवारी सकाळी रस्ते ओस पडायचे तो हा काळ. मूकपटात सुरू झालेली कारकीर्द टीव्हीपर्यंत आली, आणि मधल्या साठ वर्षांत चेहऱ्याचा जो भाग बिघडला होता तोच ओळख होऊन बसला.

टीव्हीने आमच्यासारख्यांना एक गोष्ट दिली हे मान्य करायलाच हवं. चित्रपटात आईला सात-आठ प्रसंग मिळतात. मालिकेत तिचं आख्खं आयुष्य मिळू शकतं. 'तू तू मैं मैं' आली तेव्हा रीमाताई एवढ्या मोठ्या प्रेक्षकासमोर खळखळून विनोदी झाल्या, सुप्रिया पिळगांवकरांबरोबर सासू म्हणून, आणि ती सासू मालिकेच्या मधोमध होती. कडेला नाही. 'चार दिवस सासूचे' तर रोहिणीताईंच्या खांद्यावर २००१ ते २०१३ चाललं, तीन हजारांहून जास्त भाग. मोठ्या पडद्यावर ज्या वयाला कोपरा मिळतो त्या वयाला इथे सिंहासन मिळालं. अर्थात हे सगळ्यांच्या वाट्याला येत नाही. बहुतेकींना सकाळी सेटवर गेल्यावर त्या दिवसाचे सीन हातात पडतात आणि त्यातच कळतं की आपला ट्रॅक संपतोय, पुढच्या आठवड्यात आपण 'गावाला जाणार'. मालिकेतल्या बायका गावाला फार जातात. मी चार वेळा गेले आहे, त्यातल्या एकाच गावाहून परत आले.

१८ मे २०१७च्या सकाळी मी मढला होते. मेकअप निम्मा झाला होता. बातमी आली की पहाटे रीमाताई गेल्या, हृदयविकाराने. आदल्या संध्याकाळपर्यंत त्या एका हिंदी मालिकेचं चित्रीकरण करत होत्या. वय ५८. खोलीतल्या आम्ही चौघी काही बोललो नाही. आमच्यातल्या सगळ्यात मोठ्या ताईंनी आरशाभोवतीचे दिवे बंद केले आणि थोड्या वेळाने पुन्हा लावले, कारण बाहेरून शॉट तयार असल्याचा निरोप आला होता. मला सारखं एकच सुचत होतं : ज्या बाईने तिशीच्या आतच आई व्हायला सुरुवात केली तिला खरं म्हातारपण बघायलाच मिळालं नाही. तिच्याजवळ त्या वयाचं केवढं काम शिल्लक असणार होतं. त्या मालिकेतली त्यांची भूमिका नंतर दुसऱ्या अभिनेत्रीने केली. रोजच्या मालिकेत तसंच होतं, उद्याचा भाग उद्याच जायचा असतो. मी ते पहिले भाग बघितले. नव्या बाई चांगलं करत होत्या, आणि त्यांच्यासाठी ते किती कठीण असेल हे मला समजत होतं, तरी मी ते जास्त दिवस बघू शकले नाही.

गेल्या महिन्यात मला आजीची भूमिका आली. माझ्या मुलीची भूमिका करणारी बाई माझ्याहून तीन वर्षांनी लहान. दहावीला आम्हा दोघींना जवळपास तेच धडे होते. एक कविता तिला निम्मी आठवत होती, राहिलेली मला. पहिल्या दिवशी मेकअपला बसले. वीस वर्षांपूर्वीचेच दादा, आता चष्मा लागलेला. त्यांनी केस मागे बांधले, ड्रॉवर उघडला, पांढऱ्या रंगाची डबी काढली, झाकण फिरवलं. मग माझ्या कानशिलाकडे बघितलं आणि झाकण पुन्हा घट्ट लावलं.

"बसा ताई," ते म्हणाले, "नुसता कंगवा फिरवतो."

बाहेर मास्टर लागला होता. पडद्यावरच्या मुलीने माझ्यासाठी दाराशी चपला काढून ठेवल्या होत्या, कंटिन्युइटीच्या, म्हणजे सगळ्या शॉटमध्ये त्याच दिसायला हव्यात अशा.